टीव्हीचा आवाज पुन्हा मोठा करा

वाचक लिहितात:

ताई, मी नाशिकला सिडकोत राहते. नोकरी करते. घरी नवरा, नऊ वर्षांचा मुलगा आणि सासूबाई. तीन वर्षांपूर्वी सासरे गेले, तेव्हा सासूबाई येवल्याजवळचं गाव सोडून आमच्याकडे आल्या. संध्याकाळी साडेसहाला टीव्ही लागायचा तो दहालाच बंद व्हायचा. एकामागून एक मालिका. मी सातला घरी यायचे तेव्हा त्या आणि मुलगा दोघंही टीव्हीपुढे. त्याला सगळ्या मालिकांतली सगळी नाती पाठ. मागच्या महिन्यात जेवताना त्याने मला विचारलं, ‘आई, तू पण आजीला घराबाहेर काढशील का?’ माझा घास घशातच अडकला. त्या रात्री मी सासूबाईंना जरा जोरातच बोलले, ‘अहो, त्या सगळ्या खोट्या बायका आहेत, पैसे घेऊन रडतात. त्यांच्यापायी आपल्या घरात विष कशाला?’ त्या काही बोलल्या नाहीत. न जेवता झोपल्या. दुसऱ्या दिवसापासून हॉलमधला टीव्ही बंद झाला. आता त्या आपल्या खोलीत, नवऱ्याच्या जुन्या मोबाइलवर, आवाज अगदी बारीक करून, फोन कानाशी धरून मालिका बघतात. मी आत गेले की फोन पालथा ठेवतात. मुलगा माझ्या फोनवर रील्स बघतो. रात्री अंथरुणात पडून तास-दीड तास मीही तेच करते. नवऱ्याच्या बातम्या आणि क्रिकेट. घर शांत झालंय, पण मला अशी शांतता नको होती. केबल काढूनच टाकावी असं एक मन म्हणतं. या मालिकांनी समाजाचं वाटोळं केलंय असं तुम्हाला वाटत नाही का?
– एक सून, नाशिक

उत्तर:

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं आणि दोन्ही वेळा एकाच वाक्याशी अडकले. ‘मी आत गेले की फोन पालथा ठेवतात.’ आयुष्यभर शेतात आणि चुलीपुढे राबलेली बाई आपल्याच मुलाच्या घरात काहीतरी चोरून करते आहे, आणि ते काय, तर गोष्ट बघणं. मालिकांचं बरंवाईट आपण नंतर बोलू. आधी हे मिटवा.

केबल काढायचा विचार सोडून द्या. ‘माझं चुकलं’ असं सासूला तोंडावर म्हणणं आपल्याकडे जड जातं, हे मला ठाऊक आहे. जमलं तर म्हणाच. नाहीच जमलं, तर उद्या कामावरून आल्यावर हातपाय धुवा, दोन कप चहा टाका आणि हॉलमधला टीव्ही तुम्ही स्वतः लावा. त्यांचीच मालिका. आवाज पूर्वी असायचा तेवढा मोठा करा आणि आत हाक मारा, ‘आई, या, लागली बघा.’ पहिल्या दिवशी त्या बहुधा येणार नाहीत. ‘असू दे, डोळे दुखतात,’ म्हणतील. तरी टीव्ही चालू ठेवा आणि समोर बसून राहा. दुसऱ्या दिवशी पुन्हा. बाईमाणसाचा रुसवा हाकेने निघतो, पण एका हाकेने नाही.

‘त्या खोट्या बायका आहेत’ हे तुमचं वाक्य त्यांना का लागलं असेल? त्या खोट्या आहेत हे त्यांना माहीत नाही, असं तुम्ही गृहीत धरलंत म्हणून. गावच्या जत्रेत तमाशा येतो. रात्री वगात राजा झालेला माणूस पहाटे चहाच्या टपरीवर बिडी ओढताना सगळ्या गावाला दिसतो. म्हणून त्याच्या दुःखाने रडायचं कोणी थांबलं नाही. सासूबाईंनी असे राजे लहानपणापासून पाहिले आहेत. खोट्या माणसांसाठी खरं रडता येतं, हे त्यांना तुमच्या-माझ्याआधीपासून कळतं.

आता तुमचा मोठा प्रश्न. मालिकांनी समाजाचं वाटोळं केलं का?

मला याचं उत्तर देताना जात्यापाशी जावं लागतं. तुमच्या सासूबाई सत्तरीला आल्या असतील असं धरते. त्यांनी निदान लहानपणी तरी जातं ओढलं असेल, किंवा आईला ओढताना पाहिलं असेल. पहाटे दोघी-दोघी बायका जात्याला बसायच्या आणि दळता दळता ओव्या म्हणायच्या. त्या ओव्यांत काय असायचं? सासू, नणंद, जाऊ, न आलेला भाऊ, लांबचं माहेर, दारू पिणारा नवरा, पंढरीचा विठ्ठल. हेमा राइरकर आणि गी प्वातवँ या दोघा अभ्यासकांनी आपल्या सहकाऱ्यांबरोबर महाराष्ट्रातल्या शेकडो गावांत फिरून अशा एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. त्यातला पसारा पाहिला तर वाटतं, आजच्या मालिकांचा सगळा ऐवज तिथे आधीपासूनच होता. छळणारी सासू टीव्हीने शोधून काढलेली नाही.

फरक होता तो एवढाच, आणि तो फार मोठा आहे. ओवी म्हणणारी बाईच ती गोष्ट रचत होती. सासू झोपली आहे, जात्याची घरघर चालू आहे, शेजारी जाऊ बसली आहे, आणि जे दिवसा तोंडातून काढता येत नाही ते ओवीतून निघतं आहे. एकीने एक ओळ टाकायची, दुसरीने ती उचलायची. गावात पिठाची गिरणी आली. बायकांच्या खांद्यांवरचं फार मोठं ओझं उतरलं, आणि ते उतरायलाच हवं होतं. पण त्याबरोबर ती पहाटेची बैठकही मोडली. सासू-सुनेची गोष्ट तिथेच थांबली नाही. ती फक्त दुसऱ्या कोणाच्या हातात गेली.

ज्यांच्या हातात गेली त्यांचं गणित वेगळं आहे, ते तुम्हाला माहीत असायला हवं. आपल्याकडे टीव्हीवर तासाला जास्तीत जास्त १२ मिनिटं जाहिराती दाखवायचा नियम आहे. मालिकेचा खर्च निघतो तो त्या मिनिटांतून. देशभरातल्या हजारो घरांतल्या टीव्हीला मीटर जोडलेलं असतं आणि कोणती मालिका किती बघितली गेली याचे आकडे दर आठवड्याला येतात. आकडा पडला की गोष्ट वळवतात. आकडा चढला की ताणतात. त्यामुळे रोजच्या मालिकेला शेवट ठरवून पुढे जाता येत नाही. ओवी दळण संपलं की संपायची. मालिकेचं दळण कधी संपायचं ते दळणाऱ्यांनाही ठाऊक नसतं.

आणि गोष्ट शेवटाशिवाय ताणायची तर सगळ्यांत सोपा उपाय कोणता? गैरसमज. सून काहीतरी बघते, सासू अर्धंच ऐकते, नवरा चुकीच्या क्षणी दारात येतो. तिघांपैकी एकाने ‘थांबा, झालं काय ते सांगते’ म्हटलं तर दहा मिनिटांत सगळं मिटेल. पण मग पुढचे तीन महिने दाखवायचं काय? म्हणून मालिकेत माणसं एकमेकांशी बोलत नाहीत. ती मनात बोलतात, देवाशी बोलतात, आरशाशी बोलतात. तुमच्या घरात गेला महिनाभर जे चाललं आहे ते यापेक्षा फार वेगळं नाही. हे मी टोमणा म्हणून लिहीत नाही. घर तुमचं आहे, आणि ते तुम्हाला ताणायचं नाही.

एवढं सांगूनही ‘वाटोळं केलं’ असं मी म्हणणार नाही. रॉबर्ट जेन्सन आणि एमिली ऑस्टर या दोन अर्थशास्त्रज्ञांनी २००१ ते २००३ या काळात बिहार, गोवा, हरियाणा, तमिळनाडू आणि दिल्ली इथल्या घरांची माहिती तपासली. गावात केबल यायच्या आधी बायका काय सांगत होत्या आणि आल्यावर काय सांगू लागल्या, हे त्यांनी ताडून पाहिलं. केबल आली तिथे ‘नवऱ्याने मारलं तर चालतं’ असं सांगणाऱ्या बायका कमी झाल्या, आणि मुलगाच हवा हा आग्रहही कमी झाला. २००९ साली हा अभ्यास प्रसिद्ध झाला. तेव्हा केबलवर काय चालायचं ते तुमच्या लक्षात असेल. दागिन्यांनी मढलेल्या सासू-सुनांच्या त्याच मालिका, ज्यांना शहरातली शिकलेली माणसं नावं ठेवायची. पण गावात बसून बघणाऱ्या बाईला त्यात आणखीही काही दिसत असावं. नोकरीला जाणारी बाई. नवऱ्याला उलट प्रश्न विचारणारी बाई. स्वतःच्या खोलीचं दार आतून लावून घेणारी बाई.

बघणारी माणसं काय उचलतील याचा नेम नसतो. ‘हम लोग’ ही मालिका तुमच्या नवऱ्याला कदाचित नावाने माहीत असेल. जुलै १९८४ मध्ये दूरदर्शनवर ती सुरू झाली आणि दीड वर्षात १५६ भाग झाले. मनोरंजनातून कुटुंबनियोजन आणि बायकांचा मान या गोष्टी लोकांच्या गळी उतरवायच्या, अशी मूळ कल्पना होती, आणि ती मेक्सिकोतल्या मालिकांवरून घेतली होती. त्यातली भागवंती ही सगळं निमूट सोसणारी आई. अशी सोसू नका, हे दाखवायला ती रचली होती. पुढे अरविंद सिंघल आणि एव्हरेट रॉजर्स यांनी प्रेक्षकांचा अभ्यास केला, तेव्हा दिसलं की कित्येक बायकांना भागवंतीच आदर्श वाटली. लिहिणाऱ्याने एक पेरलं, उगवलं दुसरंच.

म्हणून म्हणते, सासूबाई त्या मालिकेतून काय घेतात हे तुम्ही ठरवू नका. त्यांना विचारा. तुम्हाला वाटतं, त्या दुष्ट सुनेकडे बघून तुमच्याविषयी विष भरून घेत आहेत. मला तसं वाटत नाही. मला वाटतं, घराबाहेर काढलेल्या म्हातारीकडे बघून त्या घाबरतात. तीन वर्षांपूर्वी नवरा गेला. गाव सुटलं, ओटा सुटला, येता-जाता ‘काय करतीस गं’ म्हणणाऱ्या बायका सुटल्या. दिवसभर त्या तिसऱ्या माळ्यावर किंवा जिथे कुठे तुमचं घर असेल तिथे एकट्या असतात. संध्याकाळी साडेसहाला त्यांच्या ओळखीची माणसं टीव्हीत येतात. त्यांची नावं, त्यांचे आवाज, त्यांच्या घरातलं देवघर, सगळं ओळखीचं. डोनाल्ड हॉर्टन आणि रिचर्ड वोल या अमेरिकी अभ्यासकांनी १९५६ सालीच या ओळखीबद्दल लिहून ठेवलंय. पडद्यावरच्या माणसाशी प्रेक्षकाचं एकतर्फी नातं जुळतं, आणि ते बहुतेकांच्या बाबतीत अगदी साधं, निरोगी असतं. काळजी करायची ती प्रत्यक्षातल्या नात्यांची जागा त्याने घेतली तर. तुमच्या घरात ती जागा मुळात रिकामी होती. मालिकेने कोणाला तिथून उठवलेलं नाही.

इथे मला माझं सांगावंसं वाटतं. माझी आई सिन्नरला विड्या वळायची. सुपात तंबाखू, मांडीवर पानं, आणि शेजारी ट्रान्झिस्टर. हात चालू आणि कान रेडिओकडे. म्हातारपणी ती माझ्याकडे आली तेव्हा टीव्हीवरच्या मालिकांना लागली. रोज जेवताना मला त्या दिवशीची गोष्ट सांगायची, अगदी संवादांसकट. मी तेव्हा स्वतःला फार शहाणी समजत होते. एकदा म्हटलं, ‘आई, मला नको सांगत जाऊस, मला त्यात काही रस नाही.’ तिने सांगायचं थांबवलं. मग जेवताना आमच्यात बोलण्यासारखं काही उरलंच नाही. ‘भात घे.’ ‘नको, पुरे.’ ती गेल्यानंतर मावशीने मला सांगितलं, की आईची सगळ्यांत धाकटी बहीण नवऱ्याने टाकलेली होती आणि त्याच दुःखात गेली. माझ्याजवळ आईने तिचं नावही कधी काढलं नव्हतं. पण मालिकेतल्या टाकलेल्या बाईबद्दल ती महिनोन्‌महिने माझ्याशी बोलत होती. मला ते ऐकूच आलं नव्हतं.

तुम्हाला अजून ऐकता येईल. मालिका बघायला बसा, पण गप्प बसू नका. जाहिराती लागल्या की विचारा, ‘आई, हिचं चुकतंय का? तुमच्या गावात असं झालं असतं तर लोक काय म्हणाले असते?’ त्या आधी मालिकेबद्दल बोलतील. मग कोणाच्या तरी भावजयीबद्दल. मग कधीतरी स्वतःबद्दल. घाई करू नका. आणि एखाद्या दिवशी खरंच काम असेल, बसायला जमलं नाही, तर जेवताना विचारा, ‘आज काय झालं त्यात?’ त्यांना सांगू दे. रोज बघणारीला रोज सांगायला मिळालं की गोष्ट पुन्हा थोडी तिच्या हातात येते.

मुलाचं मात्र वेगळं आहे आणि तिथे तुमची काळजी मला पूर्ण पटते. नऊ वर्षांचं मूल रोज साडेतीन तास कट, विष, पळवापळवी बघत असेल तर ते बंद व्हायलाच हवं. तेही आजीच्या तोंडून, तिचा मान राखून. ‘आई, याचा अभ्यास बुडतो, तुमच्या आवडीची एक मालिका त्याला बघू द्या, बाकीच्या वेळी तुम्हीच त्याला उठवा,’ असं त्यांच्यावर सोपवा. बाहेरून लादलेला नियम त्या मोडतील. स्वतः केलेला पाळतील.

आणि त्याच्या प्रश्नाला तुम्ही उत्तर दिलेलं नाही, हे लक्षात आलं का? तुमचा घास अडकला, तुम्ही सासूबाईंवर चिडलात, आणि मूल तसंच राहिलं. त्या रात्री त्याने पाहिलं काय? त्याने प्रश्न विचारला, आई आजीवर ओरडली, आजी जेवली नाही आणि दुसऱ्या दिवसापासून खोलीतून बाहेर येईना. त्याच्या हिशेबाने त्याची भीती खरी ठरली. त्याला जवळ घेऊन, आजी समोर असताना, साध्या शब्दांत सांगा, ‘नाही. आजी कुठेही जाणार नाही. हे घर तिचं आहे.’ हे वाक्य दोघांनीही ऐकायला हवं आहे. मुलापेक्षा आजीने जास्त. मग त्याला मालिका कशी बनते ते सांगा. कॅमेरा कुठे असतो, ते दुःखाचं संगीत नंतर कसं चढवतात, एकच चेहरा तीनदा का दाखवतात. पुढच्या वेळी त्याला एक खेळ द्या. ‘या दोघी आत्ता खरं बोलल्या असत्या तर काय झालं असतं?’ मुलांना ते झटकन दिसतं.

आता तुमच्या फोनबद्दल. तुम्ही प्रामाणिकपणे लिहिलंत म्हणून मीही सरळ लिहिते. आजीच्या साडेतीन तासांचा हिशेब तुम्ही मांडलात. तुमचा तास-दीड तास, मुलाच्या रील्स, नवऱ्याच्या बातम्या आणि क्रिकेट एकत्र केलंत तर तो हिशेब कुठे जाईल? मला या चौघांत सगळ्यांत कमी काळजी आजीच्या मालिकेची वाटते, कारण निदान ती हॉलमध्ये, मोठ्या आवाजात, सगळ्यांना ऐकू येईल अशी चालू होती. २ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं. त्यानंतरची कित्येक वर्षं एका टीव्हीपुढे अख्खी चाळ बसायची. मग घरोघरी टीव्ही आला आणि घरापुरती माणसं बसू लागली. आता प्रत्येकाच्या तळहातावर एकेक आणि कानात बोंडं. मला खरं दुखतं ते हे. गोष्टी वाईट झाल्या म्हणून नव्हे. गोष्ट ऐकताना शेजारी कोणी नसतं, म्हणून.

सांगली जिल्ह्यात कडेगाव तालुक्यात मोहित्यांचे वडगाव म्हणून गाव आहे. २०२२ पासून तिथे रोज संध्याकाळी सातला देवळावरचा भोंगा वाजतो आणि दीड तास गावातले टीव्ही आणि मोबाइल बंद होतात. पोरं अभ्यासाला बसतात, मोठी माणसं वाचतात किंवा एकमेकांशी बोलतात. सुरुवातीला लोक हसले. मग गावाने ते अंगवळणी पाडलं. मला त्यातली जी गोष्ट भावली ती भोंग्याची नाही. तिथे मोठ्यांनीही बंद केलं. ‘तू अभ्यास कर’ म्हणून बाप आत मालिका बघत बसला असता तर आठवडाभरही चाललं नसतं. तुमच्याकडे भोंगा नाही, पण जेवणाची वेळ आहे. ताटं घेतली की तिन्ही फोन टीव्हीच्या कपाटात. नवऱ्याचा पहिला. त्याने पत्रात कुठे तोंड उघडलेलं दिसलं नाही. ही त्याची आई आहे, हेही त्याला जरा आठवू दे. रोज अर्धा तास त्याने आईजवळ बसायचं, हे त्याच्याकडून ठरवून घ्या. सगळं तुम्ही एकटीने ओढू नका. जात्यालाही खुंट्याला दोन हात लागायचे.

मालिका बघता बघता एक दिवस, त्या मोकळ्या झाल्यात असं वाटलं की, त्यांना ओव्यांचं विचारा. येताहेत का, आईच्या तोंडून ऐकल्या आहेत का, जात्याला शेजारी कोण बसायचं. ‘आता कुठं आठवतंय’ म्हणतील. मग एखादी ओळ निघेल. निघाली तर मुलाला तुमच्या फोनवर ती रेकॉर्ड करू दे. आजीचा आवाज त्याने पुन्हा लावून सगळ्यांना ऐकवू दे. आणि या रविवारी गिरणीत दळण टाकायला आजी आणि नातवाला दोघांनाच पाठवा. डबा त्याच्या हातात द्या. परत येताना पीठ गरम असतं, डबा पोटाशी धरून चालावं लागतं आणि वाट नेहमीपेक्षा लांब वाटते. त्या वाटेवर तो तिला काहीतरी विचारेलच.